‘अपात्र’ लिहिताना कारण लिहा, खाली नाव लिहा

हिंगोली जिल्ह्यातील एकल महिलांचे मागणीपत्र

प्रति,
मा. मुख्यमंत्री, महाराष्ट्र राज्य
(मा. जिल्हाधिकारी, हिंगोली यांच्यामार्फत)

विषय : शेतकरी आत्महत्याग्रस्त कुटुंबांतील व इतर एकल महिलांचे अर्ज, त्यांच्या चौकशा आणि अपात्रतेचे निर्णय यांत कारण, जबाबदारी व माणुसकी आणण्याबाबत.

महोदय,

आम्ही हिंगोली, कळमनुरी, सेनगाव, वसमत आणि औंढा नागनाथ या पाच तालुक्यांतल्या एकल महिला. आमच्यापैकी कुणाच्या मालकाने कर्जापायी जीव दिला, कुणाचे मालक आजाराने गेले, काहींना नवऱ्याने टाकले. आम्ही सोयाबीन काढतो, कापूस वेचतो, हळद शिजवतो, जमेल तिथे रोजाने जातो. १ मे १९९९ रोजी परभणीतून हिंगोली जिल्हा वेगळा झाला, तो सरकार लोकांच्या जवळ यावे म्हणून. गावापासून कचेरीचे अंतर खरोखर कमी झाले. कचेरीच्या दारापासून टेबलापर्यंतचे अंतर मात्र तेवढेच राहिले. हे मागणीपत्र त्या अंतराबद्दल आहे.

निवेदनात सहसा पैशाची मागणी पहिली असते. आमचीही आहे, ती पुढे येईल. पण आमच्या बैठकांत बायका बोलू लागल्या तेव्हा पैशाच्या आधी दुसरेच काही बाहेर आले. पहिल्या हेलपाट्याला बाई विचारते, “माझं काम कधी होईल?” तिसऱ्या-चौथ्या हेलपाट्याला तिचा प्रश्न बदललेला असतो. ती विचारते, “माझं काय चुकलं?” आणि दहाव्या हेलपाट्यानंतर ती कुणाला काहीच विचारत नाही. चूक आपलीच, असे तिने मनाशी धरून टाकलेले असते.

ही अपराधी भावना आमच्या भोळेपणातून आलेली नाही. अर्जाच्या, चौकशीच्या आणि नकाराच्या पद्धतीतून ती रोज तयार होते. ती कशी तयार होते आणि कशी थांबवता येईल, एवढेच या पत्रात मांडले आहे.

१. एका पिशवीतले कागद

एका बैठकीत आमच्या एका सभासद बाईने बियाण्याची रिकामी पिशवी सतरंजीवर उलटी केली. आतून निघाले ते असे : सातबारा, आठ-अ, फेरफाराची नक्कल, मृत्यूचा दाखला, पोलिसांचा पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, सोसायटीच्या थकबाकीचे पत्र, बँकेचे पासबुक, राशनकार्ड, वारसाचे प्रतिज्ञापत्र, दोन वेगवेगळ्या वर्षांचे उत्पन्नाचे दाखले आणि प्रत्येकाच्या तीन-तीन झेरॉक्स. सगळ्यांच्या घड्यांवर कागद फाटत आलेला. तळाशी हाताएवढी एक चिठ्ठी होती. तिच्यावर एकच शब्द होता, ‘त्रुटी’. कोणती त्रुटी ते लिहिलेले नव्हते. तारीख नव्हती, सही नव्हती, ती कुणी दिली तेही कळत नव्हते.

मालक गेले त्याच्या नवव्या दिवशी तिच्याकडे चौकशीला माणसे आली. घरात सुतक, ओट्यावर भाऊबंद बसलेले. सगळ्यांसमोर तिला विचारले, “दारू प्यायचे का? घरात काही भांडण झालं होतं का?” ती खरे बोलली. म्हणाली, “आदल्या राती लेकीच्या फीवरून थोडं बोलणं झालं होतं.” समोरच्या माणसाने ते लिहून घेतले. काय लिहिले ते तिला वाचून दाखवले नाही. अंगठा घेतला. काही महिन्यांनी गावात निरोप आला, प्रकरण अपात्र.

तिला निकषांची माहिती नव्हती. जमीन सासऱ्यांच्या नावावर होती म्हणून प्रकरण बसले नाही, की कर्ज खासगी सावकाराचे होते म्हणून, हे तिला आजपर्यंत कुणी सांगितलेले नाही. तिने आपल्यापुरता एकच अर्थ लावला, की सरकारने चौकशी केली आणि आपल्या बोलण्यामुळेच मालक गेले असे ठरवले. तिसऱ्या वर्षीही ती आम्हाला विचारत होती, “ताई, त्या राती मी गप बसले असते तर?”

त्या चिठ्ठीवर कारणाची एक ओळ असती, तर या बाईची तीन वर्षे त्या प्रश्नात गेली नसती. आमच्या सगळ्या मागण्या त्या न लिहिलेल्या ओळीपासून निघतात.

२. दोष आमच्या पदरात कसा येतो

*निकषांतून.* शेतकरी आत्महत्येच्या प्रकरणात कुटुंबाला एक लाख रुपयांची मदत मिळते. तीस हजार हातात, सत्तर हजार ठेवीत. २३ जानेवारी २००६ च्या शासन निर्णयाने तिचे निकष ठरले. मृताच्या कुटुंबाकडे शेती हवी, कर्ज राष्ट्रीयीकृत बँकेचे, सहकारी संस्थेचे किंवा परवानाधारक सावकाराचे हवे, आणि ते फेडता न आल्याने मृत्यू झाला हे दिसायला हवे. आमच्या गावांतली खरी स्थिती अशी आहे की जमीन म्हाताऱ्या सासऱ्यांच्या नावावर असते. पीककर्ज एकदा थकले की बँक दार उघडत नाही. मग उसने येते ते परवाना नसलेल्या माणसाकडून, नाही तर बाईच्या नावावर गटाच्या कर्जातून. म्हणजे कर्ज खरे, नापिकी खरी, मरण खरे, आणि कागद बसत नाही. प्रकरण तपासणाऱ्या समितीच्या दृष्टीने हा कागदाचा निकाल असतो. उंबऱ्यावर बसलेल्या बाईच्या कानावर तो ‘तुझा माणूस शेतीपायी गेलाच नाही’ असा येतो. मग का गेला? गाव तिच्याकडे बघते.

*उत्पन्नाच्या मर्यादेतून.* संजय गांधी निराधार अनुदान योजनेसाठी कुटुंबाचे वार्षिक उत्पन्न २१ हजार रुपयांच्या आत लागते. महिन्याला १,५०० रुपये मिळतात. याचा हिशेब आम्ही मांडून पाहिला. २०२५-२६ साली महाराष्ट्रात रोजगार हमीची मजुरी रोज ३१२ रुपये होती. ६७ दिवस काम केले तर २०,९०४ रुपये होतात. अडुसष्टाव्या दिवशी बाई मर्यादेच्या बाहेर जाते. शासनाच्याच कामावर शासनाच्याच दराने अडुसष्ट दिवस राबणारी विधवा शासनाच्या लेखी निराधार राहत नाही. वर्षाचे उरलेले जवळजवळ तीनशे दिवस तिने लेकरांना काय घालावे?

हे सगळ्यांना माहीत आहे. म्हणून दाखल्यावर वीस हजार लिहिले जातात. लिहिणाऱ्याला ठाऊक असते, सही करणाऱ्याला ठाऊक असते, आणि अंगठा देणारीला तर असतेच. हे आम्ही उघडपणे सांगत आहोत, कारण लपवण्याचा भार आता सोसवत नाही. जगता येणार नाही अशी मर्यादा घालायची, ती पाळल्याचा दाखला मागायचा आणि मग पडताळणीची भीती दाखवायची, यातून प्रामाणिक बाई आयुष्यभर चोरासारखी जगते. लाडकी बहीण योजनेसाठी हीच मर्यादा अडीच लाख रुपये आहे आणि रक्कमही तीच, १,५०० रुपये. ज्या योजनेत घरात कमावता माणूस असलेली बाईही बसते तिथे अडीच लाख आणि जी निराधारांसाठीच आहे तिथे २१ हजार, यामागचे कारण आम्हाला कुणी समजावून सांगावे.

*यंत्रातून.* सप्टेंबर २०२५ मध्ये लाडकी बहीण योजनेसाठी ई-केवायसी सक्तीची झाली. लाभार्थी बाईबरोबर तिच्या पतीचा किंवा वडिलांचा आधार क्रमांक आणि त्यावर येणारा ओटीपी मागितला गेला. आमच्यातल्या अनेकींचे पती नाहीत, वडीलही नाहीत. सेवा केंद्रावरच्या रांगेत, मागे पंधरा माणसे उभी असताना, मेलेल्या माणसाच्या मोबाईलवर आलेला नंबर सांगा म्हणून केंद्रावरचा मुलगा थांबलेला असायचा. पुढे शासनाने ही अडचण मान्य केली. मुदत ३१ डिसेंबर २०२५ पर्यंत वाढवली आणि मृत्यूच्या दाखल्याची प्रत अंगणवाडी सेविकेकडे देण्याची सोय केली. त्याबद्दल आम्ही आभारी आहोत. पण राज्यात विधवा आहेत हे फॉर्म तयार करताना आठवले असते, तर ते दोन महिने आम्हाला रांगेत मान खाली घालून काढावे लागले नसते.

अंगठ्याचेही तसेच आहे. हळदीचे कंद मोडताना, सोयाबीन उपटताना बोटांच्या रेषा झिजतात. यंत्रावर अंगठा उमटत नाही. केंद्रावर म्हणतात, “मावशी, तुमचा अंगठाच लागत नाही.” म्हणजे बिघाड यंत्रात नाही, मावशीच्या हातात आहे. ती पदराला बोट पुसून पुन्हा ठेवते, पुन्हा पुसते, पुन्हा ठेवते, आणि परत जाताना रांगेतल्या लोकांची माफी मागते.

*भाषेतून.* आम्हाला येणाऱ्या प्रत्येक पत्रात एकच क्रियापद असते. ‘अर्ज नामंजूर करण्यात आला आहे.’ ‘लाभ स्थगित करण्यात येत आहे.’ ‘प्रकरण निकाली काढण्यात आले.’ करण्यात आले, पण केले कुणी? तलाठी तहसीलकडे बोट दाखवतात, तहसील समितीकडे, समिती शासन निर्णयाकडे, आणि शासन निर्णय कुणाशी बोलत नाही. जिथे करणारा सापडत नाही तिथे दोष हवेत राहत नाही. तो समोर उभ्या असलेल्या एकमेव माणसाच्या अंगाला चिकटतो. तो माणूस म्हणजे अर्जदार.

३. हे एकटीचे नव्हे

रांगेत प्रत्येकीला सांगतात, “बाकीच्यांचं झालं, तुमच्याच कागदात गडबड आहे.” आम्ही एकत्र बसलो तेव्हा कळले की हे वाक्य आम्हा सगळ्यांना सांगितले गेले आहे.

हे वाक्य जगात इतरत्रही सांगितले गेले आहे. ब्रिटनमध्ये १९९९ पासून टपाल खात्याच्या शाखांत होरायझन ही संगणक प्रणाली बसवली गेली. तिच्या दोषांमुळे हिशेबात नसलेली तूट दिसू लागली आणि शाखा चालवणाऱ्या माणसांवर चोरीचे खटले भरले गेले. नऊशेहून अधिक जण दोषी ठरले. त्यांतल्या अनेकांना सांगितले गेले होते की असे फक्त तुमच्याच शाखेत घडते आहे. कित्येकांनी पदरचे पैसे भरून ती नसलेली तूट भरून काढली. २०२४ साली तिथल्या संसदेला कायदा करून त्या शिक्षा रद्द कराव्या लागल्या. नेदरलँड्समध्ये पाळणाघराच्या खर्चासाठी भत्ता घेणाऱ्या हजारो पालकांना लबाड ठरवून वसुली लावली गेली. तो अन्याय होता हे उघड झाल्यावर जानेवारी २०२१ मध्ये तिथल्या मंत्रिमंडळाने राजीनामा दिला.

श्रीमंत देशांतली शिकलेली माणसेही एकटी पडल्यावर स्वतःलाच दोषी समजू लागली. मग सेनगावच्या तांड्यावरची, सही करायला नुकती शिकलेली बाई काय समजेल? त्या माणसांना सुटका मिळाली ती एकमेकांना भेटल्यावर. आम्हीही त्याच वाटेने इथवर आलो आहोत.

४. माणसांशी आमचे वैर नाही

टेबलापलीकडे बसलेल्या माणसाविरुद्ध हे पत्र नाही. एका तलाठ्याकडे अनेक गावे असतात, हे आम्ही पाहतो. अंगणवाडी सेविका आमच्यातलीच असते आणि प्रत्येक नव्या योजनेचे ओझे तिच्या डोक्यावर येते. आम्हाला असे कारकून भेटले आहेत ज्यांनी जेवणाची सुट्टी सोडून अर्ज भरून दिला, आणि असा कोतवाल भेटला ज्याने घरी येऊन सांगितले, “बाई, उद्या साहेब आहेत, उद्याच या.” ही माणसेही अनेकदा म्हणतात, “माझ्या हातात काही नाही.” ते खरे बोलत असतात. त्यांच्याही हातात काही नाही आणि आमच्याही, तर ते आहे कुणाच्या, एवढेच आम्हाला ठरवून हवे आहे.

आकडाही डोंगराएवढा नाही. विभागीय आयुक्त कार्यालयाच्या नोंदीनुसार २०२३ साली मराठवाड्यात १,०८८ शेतकऱ्यांनी आत्महत्या केल्या. त्यांत हिंगोलीच्या ४२ होत्या, आठ जिल्ह्यांत सर्वांत कमी. या बेचाळीस घरांचे दुःख कमी होते असे कुणी म्हणणार नाही. पण वर्षाला चाळीसेक घरांकडे नावाने, चेहऱ्याने पाहणे जिल्हा प्रशासनाला अशक्य नाही. मराठवाड्यात ही सुरुवात कुठे होऊ शकत असेल तर ती हिंगोलीत.

कायदेही आहेत. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ सांगतो की अधिसूचित सेवा ठरल्या मुदतीत द्यावी, नाकारायची तर कारण लेखी द्यावे आणि अपील कुणाकडे करायचे ते सांगावे. कसूर करणाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंडाची तरतूद त्यात आहे. २००५ चा दप्तर दिरंगाईचा कायदा सांगतो की कोणाकडेही फाईल सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा अधिक पडून राहू नये. ९ मार्च २०१५ च्या शासन निर्णयाने प्रतिज्ञापत्राऐवजी साधे स्वयंघोषणापत्र चालवले. १८ जून २०१९ च्या शासन निर्णयाने आत्महत्याग्रस्त कुटुंबांतल्या महिलांना वारसनोंद, राशनकार्ड, पेन्शन, मुलांचे शिक्षण यांत मदत करायला प्रशासनाला सांगितले. २०२५ च्या ‘जिवंत सातबारा’ मोहिमेने मृत खातेदारांच्या जागी वारसांची नावे लावण्याचे काम हाती घेतले. शासनाने स्वतःच दिलेले शब्द आम्ही परत शासनापुढे ठेवत आहोत.

५. आमच्या मागण्या

१. प्रत्येक नकारावर कारण, नाव, हुद्दा, तारीख आणि अपिलाचा पत्ता असावा. ‘त्रुटी’ या एका शब्दाचा कागद यापुढे कुणाला दिला जाऊ नये. कोणता कागद कमी आहे, तो कुठे मिळेल, कधीपर्यंत द्यायचा, हे साध्या मराठीत लिहावे. वाचता न येणाऱ्या बाईला ते वाचून दाखवावे. ‘करण्यात आला’ ऐवजी ‘मी नामंजूर केला’ असे लिहिण्याची सवय लागली की निम्मे नकार लिहिण्याआधीच तपासले जातील, अशी आमची खात्री आहे. आत्महत्याग्रस्त कुटुंबांची मदत आणि निराधार अनुदान यांपैकी जे अजून लोकसेवा हक्क कायद्याच्या यादीत नसेल, ते त्यात घ्यावे.

२. मदतीची चौकशी आणि पोलीस तपास वेगळे ठेवावेत. मृत्यूचा तपास हे पोलिसांचे काम आहे, ते त्यांनी करावे. मदतीच्या चौकशीत दारू, भांडण, बाईची वागणूक यांबद्दल प्रश्न नसावेत. चौकशी भाऊबंदांसमोर ओट्यावर न होता बाईच्या सोयीच्या जागी व्हावी, तिच्या विश्वासाची एक बाई सोबत असावी, जबाब तिला वाचून दाखवावा आणि त्याची प्रत तिच्या हातात द्यावी.

३. जुनी अपात्र प्रकरणे पुन्हा उघडून प्रत्येक घराला लेखी कारण कळवावे. यात पैसा मिळेल किंवा मिळणार नाही. पण ‘जमीन नावावर नव्हती, म्हणून निकषात बसले नाही’ एवढे एक वाक्य घरी पोहोचले पाहिजे. ज्या नोंदीत बाईच्या बोलण्याचा चुकीचा अर्थ लिहिला गेला असेल, ती दुरुस्त करून तसे पत्र तिला द्यावे. ही कारणे चावडीवर न लावता ज्या त्या घरीच द्यावीत.

४. निकष गावाच्या खऱ्या स्थितीला धरून बदलावेत. कुटुंबाच्या कुणाही माणसाच्या नावावर शेती असली किंवा ती बटाईने केलेली असली, तरी तिची दखल घ्यावी. खासगी उसनवारी आणि गटाचे कर्ज गावातल्या पंचांच्या साक्षीने मान्य करावे. जीव देणारी बाई असेल, तर तिलाही शेतकरी मानावे.

५. एक लाखाची रक्कम वाढवून किमान पाच लाख करावी. ही रक्कम २००५-०६ साली ठरली. तेव्हाच्या लाखात जे येत होते ते आज येत नाही, हे बाजारात जाणाऱ्या कुणालाही समजते. शेजारच्या तेलंगणाने २०१५ सालीच दीड लाखावरून सहा लाख केले. सीमेच्या अलीकडच्या विधवेचे दुःख स्वस्त कसे?

६. निराधार अनुदानाची २१ हजारांची मर्यादा अडीच लाख करावी. जुन्या उत्पन्नाच्या दाखल्यांवरून कुणाही निराधार बाईकडून वसुली करू नये, तिच्यावर गुन्हा दाखल करू नये. खोटे बोलण्याची गरजच संपवा, म्हणजे खरे बोलण्याची भीती उरणार नाही.

७. जो कागद सरकारकडे आहे तो आमच्याकडे मागू नये. मृत्यूची नोंद ग्रामपंचायतीत होते, सातबारा महसूल खात्याकडे आहे. मृत्यू नोंदला गेला की वारसनोंदीची कारवाई तलाठी कार्यालयाने आपणहून सुरू करावी आणि ‘जिवंत सातबारा’ हे मोहिमेपुरते न राहता बारमाही काम व्हावे. सातबारावर मेलेल्या माणसाचे नाव राहिले की शेतकरी ओळख क्रमांक निघत नाही आणि अतिवृष्टीचे अनुदान अडकते. रान तुडवणारी बाई जिवंत असते, नुकसान तिचे होते, आणि कागद म्हणतो की तिथे ती नाहीच. दीर, सासरे संमती देत नाहीत म्हणून तिचा हक्काचा हिस्सा अडून राहू नये. तिला तालुका विधी सेवा समितीची मोफत मदत त्याच वेळी जोडून द्यावी.

८. यंत्र अडले तर लाभ अडू नये. अंगठा उमटला नाही, ओटीपी आला नाही, सर्व्हर बंद पडला, तर त्याच दिवशी माणसाने ओळख पटवावी आणि ‘यंत्र चालले नाही’ असे लिहून पावती द्यावी. ती पावती हातात असेपर्यंत कुणाचेही पैसे थांबू नयेत. नव्या योजनेचा फॉर्म लागू करण्यापूर्वी तो विधवा, परित्यक्ता आणि वृद्ध महिलांकडून भरून पाहावा. आम्ही त्यासाठी यायला तयार आहोत.

९. लाभ थांबवण्यापूर्वी नोटीस आणि म्हणणे मांडायला ३० दिवस द्यावेत. जुलै २०२५ मध्ये लाडकी बहीण योजनेतल्या सुमारे २६ लाख ३४ हजार लाभार्थींचा लाभ थांबल्याचे शासनाने सांगितले. त्यांत खरोखर अपात्र असलेलेही असतील. पण बँकेत गेल्यावर पैसे आले नाहीत म्हणून कळणे, हा कळवण्याचा मार्ग नव्हे. ज्या बाईला असे कळते तिला वाटते, आपण सरकारची फसवणूक केली. आधी विचारा, मग ठरवा.

१०. अर्जदाराला बसायला खुर्ची द्यावी. मागणी लहान वाटेल. आम्ही टेबलासमोर उभ्या असतो, पिशवी छातीशी धरून, आणि साहेब बसलेले असतात. उभी असलेली बाई विनवणी करते, बसलेली बाई बोलते. दर महिन्याच्या एका ठरल्या दिवशी प्रत्येक तालुक्यात एकल महिलांची सगळी कामे एका खोलीत व्हावीत. तिथे खुर्ची, पिण्याचे पाणी, स्वच्छतागृह आणि निर्णय घेऊ शकेल असा एक अधिकारी असावा.

११. दर तीन महिन्यांनी जिल्ह्याचा हिशेब जाहीर करावा. किती अर्ज आले, किती मंजूर, किती नामंजूर, कोणत्या कारणांनी, किती दिवसांत, आणि विलंबाबद्दल किती जणांना दंड झाला. नावे नकोत, आकडे हवेत. ‘फक्त तुमच्याच कागदात गडबड’ हे वाक्य त्या आकड्यांपुढे टिकणार नाही.

६. आमची जबाबदारी

मागणाऱ्याने स्वतः काय करणार तेही सांगावे. यापुढे आमच्यातली एकही बाई कचेरीत एकटी जाणार नाही, दोघी जातील. प्रत्येक गावात हेलपाट्यांची वही ठेवली आहे. तारीख, कोणते टेबल, काय सांगितले, पुढची तारीख कोणती, हे त्यात लिहिले जाते. ही वही कुणाला धाक घालायला नाही. स्मरणावर विसंबले की बाईला आपलेच चुकले असे वाटते, लिहिलेले असले की वाटत नाही. आम्ही खोटी माहिती देणार नाही आणि देऊ देणार नाही. आवाज चढवणार नाही. ज्या कर्मचाऱ्याने चांगले काम केले त्याचे नावही त्याच वहीत लिहू आणि वर्षाअखेर ते आपल्याला कळवू.

महोदय, आमच्या जिल्ह्यात नर्सी हे संत नामदेवांचे गाव आहे आणि औंढ्याला नागनाथाचे देऊळ आहे. लहानपणापासून आम्ही ऐकत आलो की नामदेवांना देवळासमोरून उठवले, ते मागच्या बाजूला जाऊन कीर्तन करू लागले आणि देऊळच त्यांच्याकडे तोंड करून फिरले. नंदी आजही मागच्या बाजूला आहे, तो बघत बघत आम्ही दर्शन घेतो. मागे ढकललेल्या माणसाला ‘तू चुकीच्या दारी उभा आहेस’ असे त्या देवाने म्हटले नाही. तो स्वतः वळला. कचेऱ्यांकडून आमची अपेक्षा तेवढीच आहे.

२००५ च्या कायद्यात, दुसऱ्या विभागाचे मत लागत नसेल तेव्हा निर्णयासाठी ४५ दिवस दिले आहेत. तेवढे दिवस आम्ही वाट पाहू. सगळ्या मागण्या एका पत्राने मान्य होणार नाहीत, हे आम्हाला समजते. जी मान्य आहे ती मान्य म्हणून कळवावी. जी मान्य नाही तिच्यापुढे का मान्य नाही ते लिहावे. आणि त्या उत्तराखाली, ते ज्याने लिहिले त्याचे नाव असावे.

आपल्या,
हिंगोली जिल्ह्यातील एकल महिला
(हिंगोली, कळमनुरी, सेनगाव, वसमत, औंढा नागनाथ)

सोबत : पाच तालुक्यांतील सभासदांच्या सह्या व अंगठे, आणि हेलपाट्यांच्या वहीची प्रत.